पिक्चर लॉक नावाची अफवा

सिनेमा येऊन गेला तरी अजून भेटेल तो पहिल्यांदा हेच विचारतो, सेन्सॉरने किती कापलं गं? विषयच तसा होता ना, ऊसतोड, बायकांची गर्भाशय काढायची ऑपरेशनं, मुकादम, त्यामुळे लोकांनी धरूनच ठेवलेलं असतं की सेन्सॉरने वाट लावली असणार. मी आकडा सांगते आणि समोरचा नाराज होतो. सेन्सॉरमुळे आमच्या सिनेमातून जे गेलं ते सगळं जोडलं तरी एक मिनिट भरत नाही. आणि आम्ही पहिल्यांदा पिक्चर लॉक, म्हणजे आता एकही शॉट हलणार नाही, म्हणून टाइमलाइन बंद केली तेव्हा सिनेमा होता २ तास २३ मिनिटांचा, थेटरात लागला तो १ तास ५८ मिनिटांचा. मधली चोवीसेक मिनिटं कुठे गेली त्याबद्दल हे लिहितेय. मी त्या सिनेमाची एडिटर, म्हणजे कापणारे हात माझेच, काय कापायचं ते ठरवणारी माणसं वेगळी. सिनेमाचं आणि स्टुडिओचं नाव लिहीत नाहीये, कॉन्ट्रॅक्टमध्ये गोपनीयतेचं कलम आहे आणि मला अजून याच गावात काम करायचंय.

आधी हा स्टुडिओ आला कुठून ते सांगते, कारण सिनेमा त्यांनी बनवलाच नव्हता. मूळ निर्माता छोटा माणूस, शूटिंग कसंबसं पूर्ण केलं, पोस्टला, म्हणजे शूटिंगनंतरच्या एडिटिंग-साऊंडच्या कामाला येईपर्यंत पैसे संपले. मराठीत हे नेहमीचं. सिनेमा तयार होतो पण तो थेटरपर्यंत न्यायचे पैसे, म्हणजे पब्लिसिटी, होर्डिंग, डिजिटल, थेटरवाल्यांचे चार्जेस, हे कुणाकडे नसतात. मग प्रेझेंटर शोधतात, आमचा प्रेझेंटर म्हणजे हा स्टुडिओ. प्रेझेंटर पैसे घालतो, त्याचा लोगो सगळ्यात आधी येतो, आणि कॉन्ट्रॅक्टच्या आत कुठेतरी एक ओळ असते की अंतिम कटबाबतचा निर्णय त्याचा. आमच्या दिग्दर्शकाने, आम्ही सगळे त्याला दादाच म्हणतो, ती ओळ वाचली होती. वाचून सही केली, कारण पर्याय हार्ड डिस्क कपाटात ठेवण्याचा होता. बरं, ती ओळ नसती तरी फार फरक पडला असता असं नाही. १९५७ च्या आपल्या कॉपीराइट कायद्यात सिनेमाचा ऑथर म्हणजे निर्माता, दिग्दर्शक नाही. लेखकाचा संवादांवर, संगीतकाराचा संगीतावर काहीतरी हक्क असतो, दिग्दर्शकाचा मात्र आख्ख्या सिनेमात कायद्याने स्वतःचा असा काहीच नाही, जे काय मिळेल ते कॉन्ट्रॅक्टमध्ये भांडून घ्यायचं. हे मला माहीत होतं पण तोपर्यंत कधी अंगावर आलं नव्हतं.

पहिली नोट्सची, म्हणजे काय बदलायचं ते सांगायची मीटिंग अगदी गोड झाली. स्टुडिओचा क्रिएटिव्ह हेड वयाने लहान, हुशार मुलगा, सिनेमा बघून आलेला, डोळे ओले वगैरे. म्हणाला, मॅम, काय काम केलंय तुम्ही, फक्त ना थोडं टाइट करूया. टाइट हा शब्द ज्याने शोधला त्याला एकदा भेटायचंय. त्याचा अर्थ काहीही होतो. सुरुवातीला चार मिनिटांचा एक भाग होता, पहाटे अंधारात कोप्यांमधून माणसं उठतात, चूल पेटते, बैल जुंपतात, फडात जातात, एकही शब्द नाही, फक्त आवाज. तो दीड मिनिटावर आला. मला वाटलं ठीक आहे, खरं सांगायचं तर चार मिनिटं जरा जास्तच होती, दादा स्वतः शूट केलेल्या शॉटच्या प्रेमात असतो. दुसऱ्या नोट्समध्ये तो पाऊण मिनिटावर आला आणि त्यावर म्यूझिक आलं, आणि तिसऱ्यांदा त्यावर टायटल्स आली. म्हणजे तो सीन काढला असं कुणीच म्हणू शकत नाही, तो आहे सिनेमात, बघा, नावांच्या मागे दिसतो.

लांबीचा जो आग्रह असतो त्याचं गणित अगदी रोकडं आहे. सिनेमा दोन तासांच्या आत असेल तर एका स्क्रीनला दिवसाला एक शो जास्त बसवणं सोपं जातं, आणि मराठी सिनेमाला आधीच शो मागावे लागतात, तेही सकाळचे नाहीतर भर दुपारचे. त्यामुळे स्टुडिओचा माणूस जेव्हा म्हणतो की १२० मिनिटांच्या वर एक मिनिट नको तेव्हा तो मूर्खासारखं बोलत नसतो. मी पण त्याच्या जागी असते तर हेच म्हटलं असतं कदाचित. माझं भांडण मिनिटांशी नव्हतंच, कुठली मिनिटं जायची यावर होतं. कारण एक गाणं आलं ना नवीन! म्यूझिक कंपनीला प्रमोशनला एक गाणं हवं होतं, ते वेगळं शूट झालं आणि इंटरव्हलच्या आधी साडेतीन मिनिटं त्याला द्यायची म्हणून दुसरीकडून साडेतीन मिनिटं काढायची. गाण्याबद्दल एवढंच.

मग ट्रायल झाली. शे-दीडशे लोक बोलावले, कॉलेजची मुलं, काही कुटुंबं, बघून झाल्यावर फॉर्म भरून द्यायचा. फॉर्मवर प्रश्न होता, शेवट आवडला का, हो किंवा नाही. आमचा शेवट असा होता की बाई पुढच्या हंगामाची उचल घेते, तिनेच आधी शपथ घेतलेली असते की परत फडात पाय ठेवणार नाही, आणि ती अंगठा देते, आणि मुकादम पैसे मोजत राहतो. संपलं. आता हे बघून कोण लिहिणार की हो, आवडला? बहुतेकांनी नाहीवर टिक केली. दादा म्हणत होता अरे, नाही आवडला म्हणजेच लागलाय त्यांना, बाहेर पडताना कुणी बोलत नव्हतं तुम्ही बघितलं नाही का. पण फॉर्मवर लागला का असा रकाना नव्हता, आणि मीटिंगमध्ये पडद्यावर जो पाय चार्ट दाखवला त्यात फॉर्मचंच सगळं होतं.

हे काही आपल्याकडेच होतं असं नाही. १९४२ साली अमेरिकन दिग्दर्शक ऑर्सन वेल्सच्या द मॅग्निफिसंट अँबरसन्स या सिनेमाचं हेच झालं, प्रीव्ह्यूला लोकांना तो जड वाटला, वेल्स तेव्हा ब्राझीलमध्ये, फायनल कटचा हक्क त्याने आधीच सोडलेला, आणि स्टुडिओने चाळीसहून जास्त मिनिटं काढून ८८ मिनिटांचा केला, वर एक गोड शेवट नवीन शूट करून लावला. कापलेली निगेटिव्ह नंतर नष्ट केली. ते कापायचं काम ज्याच्याकडे होतं तो एडिटर म्हणजे रॉबर्ट वाइज, जो पुढे स्वतः मोठा दिग्दर्शक झाला. सिनेमाच्या कोर्समध्ये हे शिकवतात तेव्हा सगळे वेल्सच्या बाजूने हळहळतात. मी तेव्हापासून वाइजचा विचार करते. त्याला पगार त्याच स्टुडिओकडून मिळत होता. सांगणारा त्याच इमारतीत आणि दिग्दर्शक समुद्रापलीकडे, तो काय करणार होता?

आमच्याकडे पण पॅच शूट, म्हणजे नंतर जोडायच्या तुकड्याचं शूटिंग झालं. अर्धा दिवस, छोटं युनिट, दादा आला होता पण खुर्चीत बसून होता, कॅमेरामनच सगळं बघत होता. बाईची मुलगी शाळेच्या गणवेशात, दप्तर पाठीवर, आई दारातून बघते. झालं. उचलीचा सीन काढला नाही, तो आधी सरकवला, म्हणजे आता असं दिसतं की तिने उचल घेतली ती मुलीच्या शिक्षणासाठी. एका सीनची जागा बदलली की अंगठ्याचा अर्थ बदलतो. आधी तो अंगठा म्हणजे हार होती, आता त्याग झाला. एक फ्रेमसुद्धा न कापता! एडिटिंग शिकवणाऱ्यांनी हे उदाहरण घ्यावं, मी फुटेज देऊ शकत नाही पण.

आता सेन्सॉर. पण सेन्सॉरच्याही आधी सेन्सॉरची भीती येते, आणि सगळ्यात जास्त कापाकापी तिथे झाली. स्टुडिओला सर्टिफिकेट ए, म्हणजे फक्त प्रौढांसाठीचं, नको होतं म्हणजे नकोच होतं. कारण ए सिनेमा टीव्हीवर दाखवता येत नाही, यू म्हणजे सगळ्यांसाठीचं किंवा यूए म्हणजे मुलांनी पालकांच्या मर्जीने बघायचं, असं लागतं, आणि सॅटेलाइटचे, म्हणजे टीव्हीच्या हक्कांचे पैसे हे मराठीत थेटरच्या पैशांपेक्षा जास्त भरवशाचे असतात. २०२३ ला कायद्यात दुरुस्ती झाली आणि पुढच्या वर्षी नवे नियम आले तेव्हापासून यूएचे पण तीन तुकडे झालेत, ७ प्लस, १३ प्लस, १६ प्लस. स्टुडिओला १३ प्लस हवं होतं. मग त्यांच्या लीगल टीमने सिनेमा बघून एक यादी पाठवली, संभाव्य अडचणी या नावाने. ती यादी नंतर सेन्सॉरकडून आलेल्या यादीच्या कितीतरी पट लांब होती.

त्यात शिव्या होत्या, ते समजू शकते. मारहाणीचा सीन, तोही. एका भिंतीवर कुठल्यातरी पक्षाचा अर्धवट पुसलेला झेंडा होता तो ब्लर करा. मुकादमाच्या गाडीच्या काचेवर एका महापुरुषाचा स्टिकर, तो काढा, कारण मुकादम वाईट माणूस आहे आणि स्टिकर चांगल्या माणसाचा. हे वाचून आम्ही हसलो, पण आपल्याकडे कशावरून काय पेटेल सांगता येत नाही, तेव्हा तेही केलं. आणि बिडीचा प्रकार तर वेगळाच. तंबाखूचा नियम सेन्सॉरचा नाही, आरोग्य खात्याचा आहे, सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर ३० सेकंदांची जाहिरात, २० सेकंदांचा इशारा, आणि पडद्यावर जिथे जिथे बिडी-सिगारेट दिसेल तिथे खाली तो ठरलेला मजकूर. आमच्याकडे रात्रीचा एक शॉट होता, नवराबायको कोपीबाहेर बसलेत, ऑपरेशनची तारीख ठरलीय, दोघं बोलत नाहीत, तो बिडी ओढतो, उजेड फक्त तेवढाच. त्या काळ्या फ्रेमवर खाली पांढऱ्या अक्षरात आरोग्यास हानिकारक असं आलं आणि थेटरभर तेच दिसायला लागलं. याच कारणावरून वुडी ॲलनने २०१३ मध्ये आपला ब्लू जॅस्मिन भारतात लावूच दिला नव्हता. आम्ही वुडी ॲलन नाही. दादाने स्वतःच शॉट छाटला, बिडी पेटायच्या आधी कट. म्हणाला, निदान ही तरी मी कापलीय.

पण ज्या बदलामुळे मी हे सगळं लिहायला बसले तो दवाखान्याचा. आमच्या सिनेमात डॉक्टर नेमका कसा होता, तर साधा, नीट बोलणारा, पदवीवाला, गावातल्या लोकांचा विश्वास असलेला माणूस. तो बाईला सांगतो पिशवी काढून टाका, पुढे कॅन्सर होईल, तुम्हालाच त्रास. मुकादमाला हवं असतं की पाळीमुळे खाडा होऊ नये, नवऱ्याला वाटतं की खाड्याचा दंड वाचेल, आणि डॉक्टरला फी. कुणीच व्हिलन नाही, सगळे मिळून करतात. सीनची सगळी ताकद त्यात होती. लीगलची नोट आली की यातून संपूर्ण वैद्यकीय व्यवसायाची बदनामी होते, संघटना कोर्टात जातील, रिलीजच्या आदल्या दिवशी स्टे आणतील. दादाने सांगितलं अहो हे आम्ही शोधून काढलेलं नाही, बीडमधल्या बातम्या आल्यावर २०१९ ला सरकारनेच नीलम गोऱ्हेंच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली होती, ८२ हजारांवर ऊसतोड बायकांची पाहणी झाली, त्यात १३ हजारांवर बायकांची पिशवी काढलेली निघाली, हे सरकारी कागदावर आहे. लीगलवाल्या बाई शांतपणे म्हणाल्या, सर, कागदावर असणं आणि पडद्यावर असणं यात फरक आहे.

मग मार्ग निघाला आणि तो मीच सुचवायचा होता, कारण तो एडिटरचाच मार्ग आहे. डबिंगमध्ये ज्याचा चेहरा दिसत नाही त्याच्या तोंडी काहीही घालता येतं. पुढच्या सीनमध्ये नर्सची पाठ दिसते, ती फाइल उचलून कपाटात ठेवते. त्या पाठीवर एक वाक्य टाकलं, या डॉक्टरचं सर्टिफिकेट तरी खरं आहे का कोण जाणे. मूळ नर्स करणारी मुलगी उपलब्ध नव्हती म्हणून दुसरीच्या आवाजात. दोन-अडीच सेकंदांचा मामला. आणि आख्खा सिनेमा वाकडा झाला, कारण आता प्रॉब्लेम बोगस डॉक्टरचा झाला, एक वाईट माणूस, त्याला पकडलं की संपलं. पिक्चरमध्ये काही कापलं नाही, उलट एक वाक्य वाढलं. लोक कापण्याबद्दल बोलतात, वाढवण्याबद्दल कुणी विचारतच नाही.

हे सगळं होईपर्यंत साऊंड मिक्स एकदा झालेला होता. ज्यांना यातलं माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते, लॉक झाल्यावर पिक्चर उघडणं म्हणजे फक्त एक शॉट काढणं नसतं. रील सरकते, पुढचं सगळं संगीत सरकतं, फोले म्हणजे पावलांचे-वस्तूंचे आवाज, डबिंग, सबटायटल्स, कलर, सगळ्यांना नवीन कट पाठवायचा, प्रत्येकाने आपापलं परत जुळवायचं, आणि त्यांचे पैसे कोण देणार यावर वेगळी मीटिंग. संगीतकाराने एका ठिकाणी दहा सेकंद थांबून मग सारंगी आणली होती, मधले सहा सेकंद गेले, आता सारंगी घाईघाईत येते. तो फोनवर मला म्हणाला ताई, एवढं तरी वाचव. नाही वाचलं.

शेवटी सिनेमा सेन्सॉरला गेला. अर्ज ऑनलाइन करायचा, सोबत कथासार, संवाद, गाण्यांचे शब्द, आणि आमच्याकडे बैल होते म्हणून ॲनिमल वेलफेअर बोर्डाचं पत्र. हे पत्र अनेकांना शेवटी आठवतं आणि मग पळापळ होते, आमच्या प्रॉडक्शनवाल्याने शूटिंगच्या आधीच परवानगीचं काम केलं होतं म्हणून वाचलो. सिनेमा पूर्ण तयार, मिक्ससकट द्यावा लागतो. एक्झामिनिंग कमिटी बघते, त्यात बोर्डाचा एक अधिकारी आणि सल्लागार पॅनेलमधले चार जण. आपण बाहेर. एडिटर म्हणून ती बाहेरची वेळ फार वाईट जाते, कारण मला प्रत्येक रीलची लांबी पाठ होती, घड्याळ बघून कळत होतं आता आत काय चाललंय. आता मारहाण. आता दवाखाना.

नंतर आम्हाला आत बोलावलं. मी चेहऱ्यांवरून अंदाज घेत होते आणि तो चुकला, कारण त्यांनी अगदी नीट, मुद्द्याने सांगितलं. जातीवाचक एक शब्द दोनदा आला होता तो बदला. एक शिवी म्यूट. मारहाणीच्या सीनमध्ये काठीचे फटके कमी करा, तिथे लांबी सेकंदांत सांगितली. सुरुवातीला डिस्क्लेमर, तो तर असतोच. सर्टिफिकेट यूए १३ प्लस. मारहाणीवर दादाने थोडी हुज्जत घातली, त्यांनी ऐकून घेतलं आणि आधी सांगितलेल्यापेक्षा कमी कापायला तयार झाले. आणि झेंडा, स्टिकर यांच्यासारखंच अजून एक बॅनर होतं बाजाराच्या सीनमध्ये जे आमच्या आणि लीगलच्याही नजरेतून सुटलं होतं, चांगलं मोठं, वाचता येणारं. त्यावर कुणी अवाक्षर काढलं नाही.

निघताना कमिटीतल्या एक बाई म्हणाल्या, माझं माहेर त्याच भागातलं आहे, आमच्याकडे ही ऑपरेशनं चांगले शिकलेले डॉक्टर करायचे, तुम्ही बोगस कशाला दाखवलात? दादाने माझ्याकडे बघितलं. मी छताकडे.

लगेच म्हणू नका की बघा सेन्सॉर किती उदार आणि स्टुडिओ किती दुष्ट. आमचा अनुभव एका सिनेमाचा, एका कमिटीचा. २०१६ ला उडता पंजाब या हिंदी सिनेमाचं प्रकरण सगळ्यांनी बघितलंय, तिथे बदलांचा आकडा ८९ पर्यंत गेला होता आणि शेवटी मुंबई हायकोर्टाने एका कटवर सिनेमा सोडला. तेव्हा कट नाही पटला तर जायला आधी एक अपिलाचं ट्रिब्यूनल होतं, २०२१ मध्ये ते बंद केलं, आता सेन्सॉरचीच परत बघणारी रिव्हायजिंग कमिटी आणि त्यानंतर थेट हायकोर्ट. हायकोर्टात जायला वकील लागतो आणि वेळ लागतो आणि होर्डिंगवर तारीख छापलेली असते, थेटर बुक झालेली असतात. छोट्या निर्मात्याला हे परवडणारच नाही, म्हणून तो घरीच कापून जातो. लीगलवाल्या बाईंना मी दोष देत नाही, त्यांनी मागे दुसऱ्या कुठल्यातरी सिनेमाला झालेला त्रास बघितला असणार आणि त्या भीतीचा हिशेब आमच्या सिनेमात चुकता केला. म्हणजे सेन्सॉरने आमचा सिनेमा कापला नाही असं म्हणताना सुद्धा मला पूर्ण खात्री वाटत नाही. प्रत्यक्षात नाही कापला. पण त्याच्या नावाने खूप कापला.

एक फरक मात्र मला अगदी स्वच्छ दिसला. सेन्सॉरने जे काढायला लावलं ते सर्टिफिकेटच्या दुसऱ्या भागात लिहिलेलं असतं, कुठल्या ठिकाणचं, काय काढलं, काय बदललं, लांबी किती, मिनिट-सेकंदांसह. काढलेला भाग त्यांच्याकडे जमा करावा लागतो. कमिटी चूक असेल, बरोबर असेल, पण काय केलं ते कागदावर आहे, उद्या कुणी वाचून वाद घालू शकतो. स्टुडिओच्या चोवीस मिनिटांचा असा कागद कुठेच नाही. नोट्स कॉलवर यायच्या, कॉल संपल्यावर व्हॉट्सॲपवर एक अंगठा. कधी मी मुद्दाम मेल टाकायचे की आज ठरल्याप्रमाणे अमुक सीन काढतेय, तर उत्तर यायचं, काढू नका हो, तुमच्या क्रिएटिव्ह जजमेंटने बघा फक्त लांबी तेवढी आणा. म्हणजे काढणारी मीच. रिलीजनंतर एका परीक्षणात आलं की संकलन काही ठिकाणी घाईचं वाटतं, आणि सारंगीच्या त्या जागेचा नाव घेऊन उल्लेख. आईने कात्रण काढून ठेवलंय.

जातीवाचक शब्दाच्या जागी दुसरा शब्द डब केला ते काम मात्र मजेचं होतं. चेहरा क्लोजअपमध्ये होता म्हणून ओठ जुळायला हवेत, मूळ शब्दात जिथे ओठ मिटतात तिथेच नव्या शब्दात प, ब, म असं काहीतरी पाहिजे. असिस्टंट पोरांनी संध्याकाळभर शब्द शोधले, निम्मे तर मूळ शब्दापेक्षा वाईट निघाले. शेवटी जो बसला तो इतका बेमालूम बसला की मला स्वतःला आता जुना आठवावा लागतो.

थेटरात सिनेमा बरा चालला. दुसऱ्या आठवड्यात शो कमी झाले, तिसऱ्यात सकाळचे राहिले, नेहमीसारखं. मुलगी शाळेत जाते त्या शॉटला लोक टाळ्या वाजवायचे, हे मी स्वतः बघितलंय, मागच्या रांगेत उभी राहून. स्टुडिओच्या मुलाचा मेसेज आला, बघा मॅम, म्हटलं होतं ना. त्याचंही बरोबर. मी टाळ्या वाजवणाऱ्यांना चूक म्हणणार नाही, त्यांनी पैसे देऊन तो सिनेमा बघितला आणि त्यांना तो तसाच भेटला. टीव्हीवर आला तेव्हा चॅनलने स्लॉटमध्ये बसवायला अजून थोडा छाटला, त्यात बाजाराचा सीन बॅनरसकट गेला, गाणं राहिलं.

मधे एका फिल्म क्लबच्या मुलांनी विचारलं की तुमचा मूळ कट आम्हाला दाखवाल का, पन्नास-साठ जण असतील, तिकीट नाही, नंतर गप्पा मारू. मी हो म्हणणार होते तेवढ्यात लक्षात आलं की ते इतकं सोपं नाही. सर्टिफिकेट आहे ते १ तास ५८ मिनिटांच्या सिनेमाला. २ तास २३ मिनिटांचा जो आहे तो सरकारदरबारी वेगळाच, सर्टिफिकेट नसलेला सिनेमा, तो जाहीर दाखवता येत नाही. त्यासाठी परत अर्ज, परत फी, परत कमिटी, आणि हा कट तर ए जायची भीती. फेस्टिवल असेल तर माहिती-प्रसारण खात्याकडून सूट घेता येते, पण ती फेस्टिवलवाल्यांनी मागायची आणि सिनेमा द्यायचा हक्क ज्याचा आहे त्याने हो म्हणायचं. दादाने स्टुडिओला मेल टाकला, एका फेस्टिवलला विचारून बघू का, तुमची काही हरकत आहे का. उत्तर आलं, इंटरनली डिस्कस करून रिव्हर्ट करतो. ते अजून रिव्हर्ट करतायत.